हे तर सगळ्यांकडे आहे

गेल्या वर्षी एका संध्याकाळी जावातून मेसेज आला : “मास, त्या रात्रीचं पूर्ण रेकॉर्डिंग आहे का तुमच्याकडे?”

जावात तरुण पुरुषाला ‘मास’ म्हणतात. आपल्याकडच्या ‘दादा’सारखं. मेसेज पाठवणारी मुलगी योग्याकार्ता शहराच्या दक्षिणेकडच्या एका गावातली. दोन वर्षांपूर्वी त्या गावात मी रात्रभर वायांग कुलित, म्हणजे चामड्याच्या बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ, पाहिला होता. तेव्हा ती माझ्या शेजारी बसून मला न कळलेले विनोद इंग्रजीत समजावून सांगत होती. आता त्या रात्रीचा दालांग वारला होता. दालांग म्हणजे बाहुल्या नाचवणारा आणि सगळ्या पात्रांचे आवाज काढणारा कलाकार. त्याचा मुलगाही हेच काम करतो. त्याला वडिलांचं सुरुवातीचं निवेदन हवं होतं. ते लांबलचक निवेदन वडील त्यांच्या खास ढंगात करायचे, आणि मुलाला ते शब्दशः कधी उतरवून घेता आलं नव्हतं.

माझ्याकडे तीन मिनिटांचा व्हिडिओ होता.

खरं तर त्या रात्री मी दोन तासांहून जास्त शूट केलं होतं. परत आल्यावर त्यातलं ‘चांगलं’ तेवढं काढलं : पडद्यावर थरथरणारी सावली, अर्जुनाची राक्षसाशी लढाई, वाद्यांचा कल्लोळ. व्हिडिओ बऱ्यापैकी चालला. मग फोनची मेमरी भरली आणि उरलेलं मी उडवून टाकलं. त्यात ते निवेदनही होतं. ते चालू असताना पंधरा-वीस मिनिटं पडद्यावर काहीच हलत नव्हतं. ‘कंटाळवाणं’ म्हणून सगळ्यात आधी तेच गेलं.

तरी तिला माझा व्हिडिओ पाठवला. थोड्या वेळाने उत्तर आलं : “तेरिमा कासिह, मास. पण हे तर सगळ्यांकडे आहे.”

तेरिमा कासिह म्हणजे धन्यवाद. पुढचं वाक्य मात्र डोक्यातून जाईना. वायांगची नोंद जगासाठी करायची म्हणून माझ्याआधी दोनशे वर्षं लोक धडपडलेत. त्यांनी काय ठेवलं आणि काय टाकलं, हे मी वाचायला लागलो. हा लेख त्या वाचनातून आलाय.

आधी खेळ समजून घेऊ

पांढरा पडदा, त्याला म्हणतात केलिर. दालांगच्या डोक्यावर टांगलेला दिवा, ब्लेंचोंग. पूर्वी तो तेलाचा असे, आता बहुतेक ठिकाणी विजेचा. पडद्याच्या पायाशी केळीचे खांब आडवे टाकलेले असतात. म्हशीच्या कातडीतून कोरलेल्या, रंगवलेल्या बाहुल्यांच्या काठ्या त्यात खोचतात. मागे गामेलान : काशाच्या थाळ्या, घंटा, ढोल आणि गायिका.

दालांग मांडी घालून बसतो तो रात्री नऊच्या सुमारास, आणि उठतो पहाटे. सगळी पात्रं तोच बोलतो. हातातल्या लाकडी ठोकळ्याने बाहुल्यांच्या पेटीवर टकटक करून, पायाने धातूच्या पट्ट्या वाजवून तोच वादकांना इशारे देतो. रात्रीचे तीन भाग असतात आणि प्रत्येकाला स्वतंत्र सुरावट. मध्यरात्रीनंतर सेमार, गारेंग, पेत्रुक आणि बागोंग येतात. हे चौघे पांडवांचे सेवक आणि विदूषक. संस्कृत महाभारतात यांचा पत्ताच नाही. सेमार तर बेढब म्हातारा नोकर, पण मुळात देव. याच वेळी दालांग गावातल्या घडामोडी, पुढारी, महागाई, कोणाचं लग्न रखडलंय, अशा सगळ्यावर बोलून घेतो.

गोष्टी बहुतेक महाभारतातल्या, पण आपल्याला दचकायला लावतील अशा. इथल्या द्रौपदीला एकच नवरा, युधिष्ठिर. शिखंडी इथे श्रीकांडी होते : धनुर्धर स्त्री आणि अर्जुनाची बायको. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी त्या मुलीला म्हणालो, “हे चुकीचं आहे.” ती म्हणाली, “कुणाच्या हिशोबाने?”

पहिली नोंद एका ओळीची

वायांगचा सगळ्यात जुना स्पष्ट उल्लेख इसवी सन ९०७ च्या एका कोरीव लेखात आहे. बालितुंग राजाचा काळ. एका समारंभात कुणी काय काय सादर केलं याची त्यात यादी आहे. गालिगी नावाच्या माणसाने देवांसाठी वायांग केला आणि तरुण भीमाची गोष्ट सांगितली, एवढीच नोंद. मला ती फार आवडते. कोण, कुणासाठी, कोणती गोष्ट. अकराशे वर्षांपूर्वीच्या त्या कारकुनाने कलाकाराचं नाव लिहायचं सोडलं नाही. माझ्या व्हिडिओखाली मी फक्त ‘जावा, रात्र, जादू’ असं लिहिलं होतं.

पुढे अकराव्या शतकात म्पू कान्व या कवीने ‘अर्जुनविवाह’ हे काव्य रचलं. हे कोरलेलं कातडं आहे हे ठाऊक असूनही वायांग पाहताना लोक रडतात, असा उल्लेख त्यात येतो. ही नोंद प्रेक्षकांची आहे, खेळाची नाही. पुढच्या कित्येक नोंदींमधून नेमका हा प्रेक्षकच गळाला.

या गोष्टींचा पुण्याशीही एक धागा आहे. इसवी सन ९९६ च्या सुमारास पूर्व जावाच्या धर्मवंश राजाच्या दरबारात महाभारताची पर्वं जुन्या जावानीज गद्यात उतरवली जात होती. विराटपर्वाच्या पोथीत ही तारीखच आहे. या गद्यात मधेमधे मूळ संस्कृत श्लोकांचे तुकडे ठेवलेले आहेत. हजार वर्षांनी भांडारकर संस्थेत विष्णु सीताराम सुकथनकर महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करत होते. तेव्हा जावातलं हे आदिपर्व त्यांना पुरावा म्हणून उपयोगी पडलं. संस्कृत पाठ दहाव्या शतकाच्या अखेरीस कसा होता, याची ती तारीख असलेली साक्ष होती. त्यांचं आदिपर्व १९३३ साली पुरं झालं, आणि सगळा प्रकल्प १९६६ मध्ये.

चिकित्सक आवृत्तीचं काम सगळ्यात जुना पाठ शोधण्याचं. वेगळे पाठ तळटीपेत जातात. पण जातात, टाकले जात नाहीत. हे मला महत्त्वाचं वाटतं, कारण वायांगच्या वाट्याला बऱ्याचदा तळटीपही आली नाही.

पेटीतल्या बाहुल्या

युरोपीय वाचकांसाठी वायांगचं मोठं वर्णन प्रथम आलं ते १८१७ मध्ये, लंडनला छापलेल्या ‘द हिस्टरी ऑफ जावा’ या दोन खंडांच्या पुस्तकात. लेखक स्टॅमफर्ड रॅफल्स. १८११ ते १८१६ या काळात जावा इंग्रजांच्या ताब्यात होतं, तेव्हाचा तिथला लेफ्टनंट गव्हर्नर. पुस्तकात वायांगचे प्रकार आहेत, बाहुल्यांची चित्रं आहेत, जावानीज ‘भारतयुद्ध’ काव्याच्या काही भागाचा अनुवादही आहे. त्याने जमवलेल्या बाहुल्या १८५९ मध्ये ब्रिटिश म्युझियममध्ये गेल्या. आजही तिथेच आहेत, उत्तम स्थितीत.

याच रॅफल्सच्या सैन्याने जून १८१२ मध्ये योग्याकार्ताचा राजवाडा लुटला. ग्रंथालयातल्या पोथ्या गेल्या. त्या नेणाऱ्यांत कॉलिन मॅकेन्झी होता. हाच माणूस पुढे भारताचा पहिला सर्व्हेअर जनरल झाला. २०१९ मध्ये ब्रिटिश लायब्ररीने त्यांपैकी ७५ हस्तलिखितांच्या डिजिटल प्रती योग्याकार्ताच्या सुलतानांना दिल्या. मूळ पोथ्या लंडनमध्येच राहिल्या.

रॅफल्सला कुतूहल नव्हतं असं म्हणता येत नाही. त्याने खूप टिपलं. पण ज्याची नोंद करायची ते घरी न्यायचं, ही त्याची पद्धत. मी हसणार होतो, मग आठवलं की त्या गावातून मीही काहीतरी घेऊन आलो होतो, आणि गावाकडे त्याची प्रत ठेवली नव्हती.

‘बरोबर’ वायांग कुठला?

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी डच अभ्यासक आले. हाझेउ यांचा जावानीज रंगभूमीवरचा प्रबंध १८९७ चा. त्यांचं एक निरीक्षण आपल्यासारख्यांनी ऐकण्यासारखं आहे. गोष्टी भारतातून आल्या असतील, पण रंगमंचाचे शब्द जावानीज आहेत. पडदा, दिवा, सूत्रधार, यांतल्या कशालाच संस्कृत नाव नाही. तेव्हा खेळ मूळचा तिथला. ‘आपलंच आहे हे सगळं’ म्हणत जावात फिरणाऱ्या पर्यटकांत मीही होतो. मला हे वाचून जरा गप्प बसावं लागलं.

मग गोष्टींचे सारांश छापले जाऊ लागले. कात्स यांचं जाडजूड पुस्तक १९२३ चं. त्याच वर्षी सुराकार्ताच्या, म्हणजे सोलोच्या, राजवाड्याने दालांगांसाठी शाळा काढली. १९२५ मध्ये योग्याकार्तात, १९३१ मध्ये मांकुनेगारान राजवाड्यात. पिढ्यान्‌पिढ्या मुलगा बापामागे बसून जे शिकायचा ते आता वर्गात, पाठ्यक्रमाने. १९३० च्या दशकात मांकुनेगारा सातवे या राजाने भाषण देऊन वायांगचा आध्यात्मिक अर्थ उलगडला. बाहुली म्हणजे देह, खेळ म्हणजे आत्म्याचा प्रवास, अशा वाटेने जाणारं हे विवेचन पुढे जगभर वाचलं गेलं.

यात वाईट काय? वरवर काहीच नाही. कला टिकावी, तिला मान मिळावा, असंच सगळ्यांना वाटत होतं. पण जावानीज भाषेत दोन शब्द आहेत. ‘पाकेम’ म्हणजे प्रमाण, खोडासारखी पक्की गोष्ट. ‘चारांगान’ म्हणजे त्या खोडाला फुटलेली फांदी, दालांगने रचलेली नवी गोष्ट. डच पंडित आणि राजवाडे यांनी मिळून छापलं ते मुख्यतः पाकेम. खेड्यातला आडदांड विनोद, तिथली बोली, त्या त्या रात्रीची फांदी, हे ‘अशुद्ध’ ठरत गेलं. लॉरी सिअर्स या अमेरिकन इतिहासकार बाईंनी १९९६ च्या ‘शॅडोज ऑफ एम्पायर’ या पुस्तकात हे नीट मांडलंय. वसाहतीच्या काळातल्या अभ्यासाने वायांग नुसता टिपला नाही, वायांग कसा असावा हेही ठरवलं.

ही चूक ओळखणारे पुढे भेटतात. १९८० च्या दशकात सोलोतल्या अभ्यासकांनी चारांगान गोष्टीच गोळा करायचं ठरवलं, आणि १९८६ मध्ये त्यांचे तीन खंड निघाले. फांद्यांना त्यांनी पुस्तकात जागा दिली.

सावलीशिवाय सावल्यांचा खेळ

१९५६ मध्ये सोलोत ‘लोकानांता’ ही सरकारी रेकॉर्डिंग कंपनी सुरू झाली. १९७० च्या दशकात कॅसेट आल्या आणि रात्रभराचा वायांग सात-आठ कॅसेटींच्या संचात घरी नेता येऊ लागला. पडदा नाही, बाहुली नाही, सावली नाही, नुसता आवाज. आणि लोकांनी तो डोक्यावर घेतला. की नार्तोसाब्दो (१९२५–१९८५) यांच्यासारख्या दालांगचं नाव घराघरांत गेलं. ‘की’ हे दालांगच्या नावाआधीचं आदराचं बिरुद.

मला आधी हे विचित्र वाटलं. मग त्या गावातली रात्र आठवली. प्रेक्षकांतले निम्मे लोक पडद्याकडे बघतच नव्हते. बरेच जण दालांगच्या बाजूला बसले होते, जिथून सावली दिसतच नाही, रंगवलेली बाहुली दिसते. काही आडवे झाले होते. शेंगदाणे, गोड चहा, मांडीवर झोपलेली पोरं. वायांग आधीपासूनच कानाचा खेळ होता. सावली हे त्याचं परदेशी पोस्टर. मी कॅमेरा फक्त पडद्यावर धरला होता, म्हणजे खेळाच्या निम्म्या बाजूला.

कॅसेटची किंमतही होती. गावोगावचे तरुण दालांग बापाऐवजी टेपरेकॉर्डरसमोर बसून शिकू लागले. एका माणसाचा ढंग शंभर तोंडांत गेला. म्हणून तर त्या मुलाने मागितलेली गोष्ट मोलाची होती. त्याच्या वडिलांचा ढंग कुठल्याही कॅसेटवर नव्हता. तो फक्त पाच-सात गावांत होता.

आता सगळं रेकॉर्ड होतंय

७ नोव्हेंबर २००३ रोजी युनेस्कोने वायांगला मानवतेचा अमूर्त वारसा म्हणून गौरवलं. २००८ मध्ये तो प्रातिनिधिक यादीत आला. इंडोनेशियात २०१८ पासून ७ नोव्हेंबर हा राष्ट्रीय वायांग दिन आहे. अमेरिकेत येल विद्यापीठाच्या कलादालनाकडे वॉल्टर आंग्स्ट यांनी जमवलेल्या वीस हजारांहून जास्त इंडोनेशियन बाहुल्या आहेत. सिंगापूरच्या राष्ट्रीय विद्यापीठात मिगेल एस्कोबार वारेला यांनी नव्या प्रयोगांचा ऑनलाइन संग्रह उभा केला, पूर्ण लांबीचे व्हिडिओ आणि खाली भाषांतर. दालांगचा विनोद परक्याला कळावा म्हणून किती टीपा लागतात, हे तिथे बघण्यासारखं आहे.

पण मला सगळ्यात जास्त शिकवलं ते योग्याकार्ताच्या की सेनो नुग्रोहो यांनी. २०२० मध्ये टाळेबंदीत खेळ बंद पडले, वादकांची कमाई थांबली. सेनो घरूनच, मोजक्या वादकांना घेऊन, यूट्यूबवर थेट खेळ करू लागले. ‘चिलिमेन’, म्हणजे छोटेखानी वायांग. मी पुण्यात रात्री ते लावून बसायचो. भाषा कळायची नाही. पण बाजूला चॅट धावत असायचं. कुणी आपल्या गावाचं नाव टाकतंय, कुणी बागोंगच्या बोलण्यावर हसतंय, कुणी ‘कामावर आहे, कानात लावलंय’ म्हणतंय. काही वाक्यं भाषांतराच्या ॲपमध्ये टाकून वाचायचो. प्रेक्षक नोंदीत परत आला होता. म्पू कान्वाने ज्यांना रडताना पाहिलं तेच लोक आता इमोजी टाकत होते.

३ नोव्हेंबर २०२० रोजी सेनो अचानक गेले. वय ४८. चारच दिवसांनी वायांग दिन होता. त्यांचे व्हिडिओ आजही आहेत, पूर्ण लांबीचे. त्यांत कंटाळवाणे भाग आहेत, चहाचे घोट आहेत, चुकलेली ठोक आहे. शिकणाऱ्याला हेच लागतं.

म्हणजे प्रसिद्ध माणसाचं सगळं राहिलं. गावच्या माणसाचं माझ्या फोनमध्ये होतं, आणि मी ते पुसलं.

मग काय केलं?

आपल्याकडे सिंधुदुर्गात पिंगुळीला ठाकर समाजाचे कलाकार चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ आणि चित्रकथी करतात. तिथल्या परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा बऱ्याच जणांनी हे नाव पहिल्यांदा ऐकलं. तुमच्यापैकी कुणी कधी फोन घेऊन तिथे किंवा गावच्या दशावताराला जाईल. मी ज्ञान शिकवत नाही, चूक केलेला माणूस म्हणून सांगतो. काही हलत नसलं तरी रेकॉर्डिंग चालू ठेवा. कलाकाराचं नाव, गाव, तारीख, कशानिमित्त खेळ होता, हे लिहून ठेवा. कॅमेरा थोडा वेळ लोकांकडे वळवा. रील करा, जरूर करा, पण त्याआधी पूर्ण फाइल ज्यांची आहे त्यांना द्या.

माझ्याकडे द्यायला फाइल नव्हती. म्हणून त्या रात्रीचं जे आठवत होतं ते मी तासागणिक लिहून काढलं. दालांग कधी बसला, निवेदनात आवाज कुठे खाली यायचा, बागोंगने सरपंचाच्या नव्या मोटरसायकलवर काय म्हटलं, पाऊस किती वाजता आला. माझ्या शेजारी एक आजी होती. ती पहिल्याच निवेदनात झोपली आणि पहाटे उठली, हेही लिहिलं. चार पानं झाली. इंग्रजीत करून त्या मुलीला पाठवली आणि म्हटलं, चुकलं असेल ते सुधार.

आठवड्याभराने ती पानं परत आली. तिने समासात भर घातली होती. निवेदनाच्या आठवतील तेवढ्या ओळी गावातल्या तिघांकडून घेऊन जावानीजमध्ये लिहिल्या होत्या. मुलाने त्यात दोन शब्द बदलले होते. मोटरसायकल सरपंचाची नव्हती, त्याच्या मेहुण्याची होती. म्हणून तर लोक इतके हसले होते.

आणि आजीच्या वाक्याखाली तिने लिहिलं होतं : “आजी झोपली नव्हती, मास. डोळे मिटून ऐकत होती. पहिल्या चार ओळी तिनेच सांगितल्यात.”